तीन निळे तुकडे

ऑफिसात तिला सगळे फरशीवाली म्हणत. तिने स्वतः फरशी बसवायचं सोडून बरीच वर्षं झाली होती, पण बाप फरशीवाला आणि तिचं लहानपण त्याच्यामागे गुडघ्यांवर सरपटण्यात गेलेलं, त्यामुळे नाव चिकटलं ते चिकटलंच. बाप मोठ्या दगडी लाद्यांचं काम घेत नसे. तो तुकड्यांच्या जमिनी करायचा. फुटलेल्या रंगीत फरश्यांचे तुकडे ओल्या सिमेंटात बसवून केलेली जमीन. शाळांच्या व्हरांड्यात, दवाखान्यांत, जिन्यांच्या वळणांवर असते तशी. बघणाऱ्याला वाटतं, कोणीतरी टोपली उपडी केली आणि वरून थापी फिरवली, झालं काम. तसं वाटावं म्हणून बाप दिवसभर कंबरेचा काटा ढिला करून घ्यायचा.

"विखुरलेलं दिसलं पाहिजे," तो तिला सांगायचा, "पण डोळा कुठे अडखळता कामा नये. निळ्याशेजारी निळा आला की संपलं. माणूस तिथेच बघत बसतो."

हे तिच्या हाडीमासी खिळलं. तिला टोपलीत न बघता रंग कळायचा. निळ्या तुकड्यांची झिलई जाड, पांढरे खरखरीत, तांबडे हाताला जरा गार. शेजारी कोण बसलंय ते बघून ती पुढचा तुकडा उचलायची आणि बापाला तिच्या मागून हात फिरवावा लागायचा नाही. आता, जी पोर सगळं नीटच करते तिचं कौतुक करायला जग बसलेलंच असतं. पुढे जे झालं त्यात या कौतुकाचा वाटा मोठा आहे, म्हणून सांगितलं.

तिचा धाकटा भाऊ मात्र दुसऱ्याच मातीचा. बापाने स्वतःच्या स्वयंपाकघराची जमीन केली तेव्हा हा पोरगा पायात पायात येत होता. त्याला गप्प बसवायला बापाने चुलीजवळचा एक कोपरा आणि एक टोपली देऊन टाकली. पोराने दाराबाहेरच्या मांजराशी गप्पा मारत, टोपलीकडे ढुंकूनही न बघता, हाताला येईल तो तुकडा सिमेंटात दाबला. एका ओळीत तीन निळे. मग पांढऱ्यांचा घोळकाच. काही तुकडे आत गेलेले, काही वर आलेले. ती रडकुंडीला आली, काढा म्हणाली. बाप पोट धरून हसला आणि सिमेंट वाळू दिलं.

तेव्हापासून येता-जाता आईच्या पायाला त्या कोपऱ्यात ठेच लागायची. "हा मेला कोपरा," आई म्हणायची आणि अंगठा चोळत चुलीपाशी बसायची. आईला त्याचा राग नव्हता. फरशीवालीला होता. त्या तीन निळ्यांवर नजर गेली की तिच्या डोक्यात कुठेतरी खडा टोचायचा.

फरश्या कापून कापून बापाच्या छातीत धूळ बसली आणि तो तरुणपणीच गेला. आईची नजर आधीच अधू, शिवणकाम सुटलेलं. धाकट्याला फरशीवालीनेच वाढवलं म्हणायला हरकत नाही. त्याच्या शर्टाची बटणं तिने लावली, त्याच्या मारामाऱ्या तिने मिटवल्या, तारायंत्राच्या शाळेत त्याला तिने घातलं. लढाई लागली तेव्हा तो मालवाहू जहाजावर बिनतारी संदेश पाठवणारा म्हणून चढला. तिला जगात एकच गोष्ट हवी होती. हा परत यावा.

तिलाही काम मिळालं. बंद पडलेल्या एका गिरणीच्या वरच्या मजल्यावर सरकारने एक ऑफिस उघडलं होतं. खिडक्यांच्या काचा रंगवून टाकलेल्या, लांबच लांब टेबलं, आणि प्रत्येक टेबलावर तारेच्या जाळीचं एक लहान पिंप. पिंपाला दांडा, पिंपात लाकडी गोळ्या, गोळ्यांवर शून्यापासून नऊपर्यंतचे आकडे. मुली त्याला पिंजरा म्हणत. दांडा फिरवायचा, हात घालून एक गोळी काढायची, आकडा लिहायचा, गोळी परत आत टाकायची, पुन्हा दांडा. दिवसभर हेच. पानामागे कार्बन, एक प्रत जहाजावर जाणार, दुसरी ऑफिसात राहणार.

पहिल्या दिवशी हे कशासाठी ते मास्तरांनी सांगितलं. मास्तर कॉलेजात गणित शिकवायचे. लढाईने त्यांना इथे आणून टाकलं होतं. कोटाला खडू तसाच लागलेला.

"मुलींनो, गणितात रीत म्हणून एक चीज असते," ते म्हणाले. "ज्याला आपण काय करतोय हे कळत नाही, त्यानेही पायऱ्या पाळल्या की उत्तर बरोबर यावं, ती रीत. दोन आकड्यांना भाग जाणारा सर्वांत मोठा आकडा काढायची रीत दोन हजार वर्षांहून जुनी आहे. शोधणारा गेला, त्याचं राज्य गेलं, रीत चालू आहे. शाळेत तुम्हीच तिच्या नावाने बोटं मोडली असतील."

मुली हसल्या.

"गुप्त लिहिण्याच्याही रिती आहेत. फार पूर्वी सेनापती अक्षरं पुढे सरकवून लिहायचे. मग हजारेक वर्षांपूर्वी एका विद्वानाने दुसरंच काहीतरी केलं. अक्षरं मोजली. कुठल्याही भाषेत काही अक्षरं सारखी येतात, काही क्वचित. कागदावर जे चिन्ह फार वेळा दिसतं ते त्या सारख्या येणाऱ्या अक्षराचं असणार. तेव्हापासून लपवणारे नवनव्या रिती काढतायत आणि मोजणारे मोजतायत. लपवणाऱ्याने चाकं लावली, मोजणाऱ्याने यंत्रं लावली. आजवर बहुतेक वेळा मोजणारा जिंकला. आता मोजण्यासारखं काही ठेवलंच नाही तर?"

त्यांनी फळ्यावर दाखवलं. संदेशातल्या शब्दांचे आधी ठरलेले आकडे करायचे. त्याखाली पिंजऱ्याच्या पानावरचे आकडे लिहायचे. बेरीज करायची, पण हातचा धरायचा नाही. सात आणि आठ पाच, बस. पलीकडचा माणूस तेच पान घेऊन वजाबाकी करतो. मग पान जाळायचं. पानावरच्या आकड्यांना काहीही आगापिछा नसेल तर जगातला कुठलाही पंडित डोकं आपटून मेला तरी संदेश वाचता येणार नाही.

"म्हणून तुमची रीत एवढीच," मास्तर म्हणाले. "भिंतीकडे बघा, गोळी काढा, येईल ते लिहा."

इतकी सोपी रीत गणिताच्या इतिहासात दुसरी नसेल. तीच फरशीवालीला पाळता आली नाही.

तिने लबाडी केली नाही, कामचुकारपणा केला नाही. उलट तिच्याइतकं मन लावून कोणी बसत नव्हतं. पण सातानंतर पुन्हा सात आला की तिचा हात थबकायचा. सातामागून सात, निळ्याशेजारी निळा. तिला वाटायचं, गोळ्या नीट ढवळल्या गेल्या नाहीत, चूक पिंजऱ्याची आहे. ती गोळी हळूच परत टाकायची आणि दुसरी काढायची. बराच वेळ तीन आलाच नाही असं वाटलं तर तीन येईपर्यंत एखाददुसरी गोळी सोडून द्यायची. हे ती फसवणूक म्हणून करत नव्हती. पान चांगलं व्हावं म्हणून करत होती. तिची पानं खरोखरच सुंदर दिसत. वरपासून खालपर्यंत आकडे असे विखुरलेले की डोळा कुठे टेकायचा नाही.

शेजारच्या टेबलावर बडबडी बसायची. तिचं तोंड सकाळी उघडलं की संध्याकाळी जिना उतरताना मिटायचं. भिंतीकडे बघ म्हणायची तिला गरजच नव्हती. ती मागच्या मुलीकडे वळून आपल्या होणाऱ्या सासूच्या नकला करायची आणि हात पिंजऱ्यात आपला चालूच. तिच्या पानांवर कधी एकामागून एक चारदा पाच, कधी नवाचा पत्ताच नाही.

या खोलीवर देखरेख करणाऱ्या मोठ्या बाई पानं डोळ्यांनी तपासत. त्यांनी बडबडीची पानं कितीदा तिच्या पुढ्यात आपटली.

"हे काय आहे? चार वेळा पाच, ओळीने? जरा लक्ष दे कामाकडे. फरशीवालीचं पान बघ, याला म्हणतात विस्कळीत."

"मी काय करू, बाई? पिंजऱ्यातून आले," बडबडी म्हणायची.

"पिंजऱ्याचं नाव पुढे करू नकोस."

बडबडीची पानं फाडली जात. फरशीवालीची पानं महत्त्वाच्या जहाजांसाठी वेगळी काढली जात. नियम करणारे मास्तर खालच्या मजल्यावर होते. वरच्या मजल्यावर नियम मोठ्या बाईंच्या डोळ्यांचा चालायचा, आणि त्या डोळ्यांना फरशीवालीची नजर पसंत होती. ज्यांना नीटनेटकेपणा आवडतो त्यांच्या हाती कारभार गेला की असंच होतं.

एक दिवस फरशीवालीने मोठ्या बाईंना एकटं गाठलं. तिने कधी कोणाकडे काही मागितलं नव्हतं. 

"बाई, माझा भाऊ जहाजावर आहे. त्याच्या जहाजाला माझी पानं जाऊ देत. सगळी. दुसऱ्या कोणाची नकोत."

हे नियमात बसत नव्हतं. एका जहाजाला चार-पाच जणींची पानं मिसळून द्यायची अशी ताकीद होती. पण मोठ्या बाईंचाही मुलगा कुठेतरी आघाडीवर होता. त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला.

"इथे बोललीस तेवढं पुरे. बाहेर बोलू नकोस," त्या म्हणाल्या.

तिची पानं घेऊन गेलेल्या त्या सफरीहून धाकटा सुखरूप परत आला. सुट्टीत घरी, काळवंडलेला, दाढी वाढलेली, आईच्या पायाशी बसून उकडलेले बटाटे मीठ लावून खात होता. कामावर काय करतो हे दोघांनाही बोलायची बंदी. तो खाता खाता म्हणाला, "ताई, सात लिहिताना तू अजून त्याच्या कमरेला आडव्या रेघेचा पट्टा बांधतेस का गं?"

त्याने पानावरचं अक्षर ओळखलं होतं. तिचे कान तापले.

"नाही, सहज विचारलं," तो म्हणाला. "समुद्रावर कधीकधी वाटतं घरीच बसलोय. पान जाळताना जिवावर येतं बघ."

"जाळायलाच पाहिजे," ती म्हणाली.

"जाळतो. तुझा भाऊ आहे."

आई उठून चुलीकडे गेली आणि तिचा अंगठा त्या कोपऱ्यावर आपटला. "हा मेला कोपरा." धाकटा हसून लोळला. फरशीवाली म्हणाली, आता या वेळी मी तो नीट करूनच टाकणार आहे. तो म्हणाला, "सगळं घर नीट कर, माझा कोपरा तेवढा सोड." ती बरं म्हणाली. माणूस असं सहज बरं म्हणतो.

तो पुन्हा गेला. घर रिकामं झालं आणि तिच्या हातांना काम उरलं नाही. सुट्टीच्या दिवशी काळजीने जीव खालीवर होऊ लागला तेव्हा तिने बापाची छिन्नी काढली. आईला ठेच लागते, तो येईल तेव्हा घर कसं छान दिसेल, अशी कारणं तिने स्वतःला दिली. तिने त्याचा कोपरा उकरला, तुकडे धुतले, नवं सिमेंट कालवलं आणि तेच तुकडे पुन्हा बसवले, नीट. तीन निळे तीन दिशांना गेले. तिला कितीतरी दिवसांनी हलकं वाटलं.

त्याच आठवड्यात मास्तर वरच्या मजल्यावर आले. त्यांच्या हातात पानांचा गठ्ठा होता आणि चेहरा पांढरा पडला होता. त्यांनी खालच्या मजल्यावर एक नवी मोजणी सुरू केली होती. पानांवर एक आकडा लागोपाठ दोनदा किती वेळा येतो, एवढंच मोजायचं. दहा गोळ्या असतील तर साधारण दहात एकदा यायला हवा. बडबडीच्या उरल्यासुरल्या पानांवर तो तसा येत होता. बहुतेक मुलींच्या पानांवर थोडा कमी. एकीच्या पानांवर जवळपास येतच नव्हता.

त्यांनी फरशीवालीला बाजूच्या खोलीत बोलावलं. ओरडले असते तर बरं झालं असतं. ते तिच्यासमोर खुर्ची ओढून बसले.

"बाई, तुम्ही गोळी परत टाकता का?"

"जोडी आली की," ती म्हणाली. तिला अजून वाटत होतं की शाबासकी मिळेल.

मास्तरांनी डोळे मिटले. मग त्यांनी समजावून सांगितलं, हळूहळू, वर्गात सांगत तसं. शत्रू आपला संदेश ऐकतो. तो अंदाज करतो की यात अमुक शब्द असणार. तो शब्द वजा करून बघतो. खाली उरतात ते पानावरचे आकडे असायला हवेत. खऱ्या पानावर काहीही असू शकतं, म्हणून अंदाज बरोबर की चूक हे त्याला कधीच कळत नाही. पण पानावर जोडी येतच नाही हे एकदा त्याच्या ध्यानात आलं की खेळ बदलतो. उरलेल्या आकड्यांत जोडी दिसली, अंदाज चूक, टाकून द्या, दुसरा घ्या. असं गाळत गाळत तो खऱ्यापर्यंत पोचू शकतो.

"माझ्या हाताने मी त्याला मोजायला काहीतरी दिलं," ती म्हणाली.

"हो."

"पण माझी पानं सगळ्यांत चांगली होती."

"चांगली दिसत होती," मास्तर म्हणाले. "डोळ्यांनी तपासू दिलं ही माझी चूक. रीत सांगितली आणि तुम्ही ती पाळाल असं धरून चाललो. कुठली पानं कुठे गेली ते मी बघतोय. एका जहाजावर पाठवलेली मात्र झाडून सगळी तुमचीच आहेत. असं कसं झालं, मोठ्या बाईंना सांगता येत नाही."

फरशीवालीने सांगितलं. 

"जहाजाला कळवा," ती म्हणाली. "दुसरी पानं वापरा म्हणावं."

"दुसरी आहेत कुठे त्यांच्याकडे? आणि कळवणार कशातून? तुमच्याच पानांतून." ते उठले. "जहाजाने तोंड उघडू नये एवढा हुकूम आपण पाठवू शकतो. तो शत्रूने वाचला तरी बिघडत नाही. गप्प राहिले तर पोचतील."

तेवढ्यावर ती जगू लागली. गप्प राहिले तर पोचतील. तिला टेबलावरून काढलं नाही. माणसं कमी होती. फक्त तिचं टेबल भिंतीला तोंड करून फिरवलं आणि डोळ्यांवर पट्टी दिली. ती पट्टी बांधून गोळ्या काढायची आणि शेजारची मुलगी लिहायची. शेजारची म्हणजे बडबडी. बडबडी त्या दिवसांत एक शब्द बोलली नाही, आणि ते फरशीवालीला सगळ्यात असह्य झालं. घरी आई विचारायची, काही कळलं का. ती म्हणायची, अजून नाही. रोज मास्तर जिना चढताना दिसले की ती त्यांच्या तोंडाकडे बघायची आणि ते मान हलवायचे. म्हणजे जहाज गप्प आहे.

मग एका सकाळी ते आले आणि त्यांनी मान हलवली नाही.

समुद्र खवळला होता, जहाज ताफ्यापासून तुटलं होतं, इंजिन बंद पडलं होतं. कप्तानाला मदत मागणं भाग पडलं. धाकट्याने आपण कुठे आहोत ते तिच्या आकड्यांत मिसळून पाठवलं. नियमाप्रमाणे, हातचा न धरता, एक चूक न करता. मदत निघाली. पोचली तेव्हा पाण्यावर तेल होतं.

"त्यांनी वाचलं का?" तिने विचारलं.

"कळायला मार्ग नाही," मास्तर म्हणाले. "बिनतारी बोललं की नुसत्या आवाजावरूनही जागा सापडते. पाणबुडी आधीच मागावर असेल. तुमच्या पानांमुळेच झालं असं म्हणता येणार नाही, बाई."

"नाही झालं असं म्हणता येईल?"

मास्तर खरं बोलणारा माणूस होता. "तेही नाही," ते म्हणाले.

संध्याकाळी सरकारी माणूस घरी येऊन गेल्यावर आई रडली नाही. ती भिंतीला धरून उठली, चुलीकडे गेली, आणि तिथेच उभी राहिली. तिचा पाय जमिनीवर चाचपत होता.

"त्याचा कोपरा कुठे गेला?" आईने विचारलं.

फरशीवालीने सांगितलं की मीच बदलला, तुला ठेच लागायची म्हणून. आई बरं म्हणाली. त्या घरात पुढे या गोष्टीवर कोणी बोललं नाही. दुसरी गोष्ट तर बोलण्याचीच नव्हती. तिने शपथेवर सही केलेली होती, आणि शपथ नसती तरी कुठल्या तोंडाने सांगणार होती.

लढाई संपली. ऑफिस संपलं नाही. मोठ्या बाईंची बदली कुठेतरी साध्या खात्यात झाली. बडबडी लग्न करून गेली, त्या सासूच्या घरात. पिंजरे वखारीत गेले आणि त्यांच्या जागी एक यंत्र आलं. कपाटाएवढं. विजेच्या नळीत सतत जी बारीक खरखर चालू असते ती ऐकून ते आकडे काढायचं. कोणाचा हात नाही, कोणाची आवडनिवड नाही. त्याच्या कागदाची गुंडाळी बदलायचं काम फरशीवालीला दिलं, आणि ते ती नोकरीच्या शेवटच्या दिवसापर्यंत करत राहिली. कागद बाहेर यायचा तेव्हा त्यावर कधी सातापुढे सात, त्यापुढे पुन्हा सात दिसायचे. यंत्राला काही वाटायचं नाही. ते पुढे जायचं. नवीन आलेली माणसं विचारायची, बाई, तुम्ही या कागदाकडे अशा का बघता. ती म्हणायची, सवय आहे. निरोपाच्या दिवशी तिला निष्कलंक सेवेचं प्रशस्तिपत्रक मिळालं. ते तिने घरी नेलं नाही. वाटेतल्या कचऱ्याच्या डब्यात टाकलं.

तोवर आईला पुरतं दिसेनासं झालं होतं. ती खूप म्हातारी झाली होती आणि काहीच मागायची नाही. ती एका सकाळी म्हणाली, "पोरी, तो कोपरा पुन्हा होता तसा करशील का? मरायच्या आधी एकदा."

फरशीवालीचे गुडघे आता वाकत नव्हते, तरी ती बसली. छिन्नीने स्वतःचंच जुनं काम फोडलं. तुकडे तेच होते, एकही हरवला नव्हता. आई स्टुलावर शेजारी बसून राहिली.

"तीन निळे एका ओळीत होते ना?" आई म्हणाली. "तेव्हा दिसायचं मला."

"होते."

तिने तीन निळे आधी ठेवले. मग टोपली मागे ठेवली, तोंड भिंतीकडे केलं आणि हात मागे घालून तुकडे काढू लागली. येईल तो लावायचा. मास्तरांची रीत, अक्षरशः. पण हाताला निळ्याची जाड झिलई लागली की त्याला निळा कळत होता, खरखरीत लागला की पांढरा कळत होता, आणि बोटं क्षणभर थांबून दुसरीकडे सरकत होती. तिने डोळ्यांवर ओढणी बांधली. तिने जुने हातमोजे चढवले. तिने आपल्याशीच मोठमोठ्याने काहीतरी बडबडून पाहिलं, तो जसा मांजराशी बोलायचा तसं. पण तिला मांजराशी काय बोलावं तेच सुचेना. सिमेंट सुकत चाललं. तिने घाईने उरलेले तुकडे दाबले आणि वरून थापी फिरवली. थापीही सवयीने सपाट फिरली.

डोळ्यांवरचं कापड काढून तिने पाहिलं. मधोमध तीन निळे, मुद्दाम मांडल्यासारखे. त्यांच्या भोवती तांबडे, पांढरे, पिवळे, सगळे एकमेकांपासून अंतर राखून. बापाने बघितलं असतं तर पाठीवर थाप मारली असती.

वाळल्यावर तिने आईला हाताला धरून आणलं. आईने चप्पल काढली आणि पाऊल पुढे टाकलं, मग मागे घेतलं, मग पुन्हा, सबंध कोपराभर, अंगठा जमिनीला घासत. फरशीवाली तिच्या पायाकडे बघत उभी होती.

"छान केलंस गं," आई म्हणाली. "कुठेच ठेच लागत नाही."

मग ती स्टूल चाचपत मागे फिरली आणि पाणी दे म्हणाली.